मॉरिस ग्वायर आयुष्यभर सरकारी माणूस, मग ऐन युद्धात त्याने सरकारलाच कसं पाडलं?

प्रश्न थोडक्यात असा आहे. लॉच्या दुसऱ्या वर्षाला असलेल्या एका विद्यार्थिनीने विचारलंय की केशव तळपदे केस (खटल्याशिवाय स्थानबद्ध केलेल्या माणसाची) वाचताना तिला कळलं की निकाल देणारा फेडरल कोर्टाचा (आजच्या सुप्रीम कोर्टाच्या आधीचं कोर्ट) चीफ जस्टिस मॉरिस ग्वायर हा मुळात जज नव्हताच, लंडनमधला सरकारी अधिकारी होता, पहिल्या महायुद्धात एका मंत्रालयात होता, १९३५चा गव्हर्नमेंट ऑफ इंडिया कायदा (तेव्हाची भारताची घटनाच म्हणा) ड्राफ्ट करणारा पण तोच, म्हणजे शंभर टक्के सरकारी माणूस, मग १९४३ साली चले जावची धरपकड चालू असताना त्याने सरकारविरुद्ध निकाल कसा काय दिला? त्याला भारताबद्दल प्रेम होतं का? आणि हा निकाल आज कोर्टात चालतो का?

मी तीस वर्षांच्या वर क्रिमिनल साइडला प्रॅक्टिस करतोय आणि त्यातला बराच वेळ स्थानबद्धतेच्या केसेसमध्ये गेलाय, एमपीडीए, एनएसए, कोफेपोसा वगैरे, म्हणजे खटल्याशिवाय माणसाला आत ठेवायचे कायदे, त्यामुळे ग्वायरसाहेबांशी माझी ओळख जुनी आहे. (आधी एक, ते नाव तळपदे आहे. रिपोर्टमधलं इंग्रजी स्पेलिंग वाचून अर्ध्या देशात 'टालपाडे' म्हणतात, दिल्लीत तर सर्रास, पण तुम्ही मराठी आहात, तुम्ही तरी म्हणू नका.)

माझं मत सांगतो. प्रेमबीम बाजूला ठेवा. तो सरकारी माणूस होता म्हणूनच त्याला हे जमलं. आयुष्यभर शिवण केलेल्या शिंप्याला दुसऱ्याच्या कपड्यातला उसवलेला टाका लांबून दिसतो, तसं आहे ते. आणि त्याच्या निकालाची जी मर्यादा आहे ती पण तिथूनच आलीय, ते पुढे येईल.

माणूस कोण होता ते आधी. जन्म २५ एप्रिल १८७८. ही तारीख लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. वेस्टमिन्स्टर शाळा, ऑक्सफर्डला क्राइस्ट चर्च, मग ऑल सोल्सची फेलोशिप, १९०३ला बॅरिस्टर. म्हणजे हुशारीबद्दल प्रश्नच नाही. अॅन्सनचं कॉन्ट्रॅक्टवरचं जे पुस्तक आपल्याकडे पिढ्यानपिढ्या मुलं वाचत आली त्याच्या काही आवृत्त्या यानेच संपादित केल्यात. पण हा वकिली गाजवायला गेला नाही, १९१२ला नॅशनल हेल्थ इन्शुरन्स कमिशनच्या लीगल स्टाफमध्ये लागला. नुकतीच कामगारांसाठी आरोग्य विम्याची स्कीम आली होती आणि ती चालवायला नियमांचा डोंगर लागत होता. आपल्या भाषेत सांगायचं तर विधी व न्याय खात्यात बसून जीआर आणि रूल्स लिहिणारा माणूस. ग्लॅमर शून्य.

मग युद्ध. १९१७ ते १९१९ तो मिनिस्ट्री ऑफ शिपिंगमध्ये. हे खातं १९१६च्या शेवटी नवीनच उघडलं होतं, कारण जर्मन पाणबुड्या जहाजं बुडवत होत्या आणि इंग्लंडचं बरंचसं धान्य समुद्रातून येणारं. त्यामुळे सरकार खाजगी मालकांची जहाजं ताब्यात घ्यायचं, रेट सरकार ठरवणार, माल सरकार ठरवणार, आणि हे सगळं डिफेन्स ऑफ द रेल्म अॅक्टखालच्या रेग्युलेशन्सवर. आता तुम्ही त्या खात्यात लीगलला बसलेले आहात असं समजा. रोज सकाळी कोणीतरी साहेब येतो आणि म्हणतो मला हे हे करायचंय, युद्ध चालू आहे, काहीतरी पॉवर शोधून द्या. आणि तुम्हाला बघायचं असतं की मूळ कायद्याने दिलंय किती आणि साहेब मागतोय किती. हेच काम. युद्धाच्या काळात सरकारी वकिलाला जी एक सवय लागते ती हीच, की नियम वाचताना एक बोट मूळ कायद्यावर ठेवायचं.

आणि ते बोट सुटलं की काय होतं हे त्या पिढीने युद्ध संपल्यावर बघितलं. फूड कंट्रोलरने दुधाच्या लायसन्सवर गॅलनमागे दोन पेन्स लावले होते, कोर्टाने सांगितलं की हा कर आहे आणि कर लावायची पॉवर तुम्हाला पार्लमेंटने दिलेलीच नाही. विल्ट्स युनायटेड डेअरीज केस, अॅडमिनिस्ट्रेटिव्ह लॉच्या पेपरला तुम्हाला येईल. १९२०ची डी कीझर हॉटेल केस पण त्यातलीच, युद्धासाठी हॉटेल घेतलं, मग म्हणाले भरपाई आमच्या मर्जीने, हाउस ऑफ लॉर्ड्स (तेव्हा तिथलं सगळ्यात वरचं कोर्ट) म्हणालं कायदा आहे ना, मग कायद्याप्रमाणे द्या. म्हणजे युद्ध जिंकलं पण केसेस हरले. सरकारी वकिलाच्या मनावर अशा हरलेल्या केसेसच जास्त कोरल्या जातात, जिंकलेल्या कोण लक्षात ठेवतो.

पुढची वीस वर्षं भराभर सांगतो. १९१९ ते २६ मिनिस्ट्री ऑफ हेल्थचा लीगल अॅडव्हायझर, मग १९२६ ते ३३ ट्रेझरी सॉलिसिटर, म्हणजे सरकारचा मुख्य सॉलिसिटर, आणि त्याच्याबरोबर किंग्ज प्रॉक्टर हे पद (नवराबायको संगनमत करून खोटा घटस्फोट घेत असतील तर राजाच्या वतीने आडवं येणारा अधिकारी, असं पद खरंच होतं). १९३४ला फर्स्ट पार्लमेंटरी काउन्सेल, म्हणजे बिलं लिहिणाऱ्यांचा मुख्य.

यातल्या एका गोष्टीपाशी मात्र थांबतो. १९२८ला लंडनमध्ये फ्रँक्स केस म्हणून प्रकरण गाजलं. एका बाईवर बँकर्सनी पैशाचा दावा लावला, ती फ्रेंच चलनात सट्टा खेळत होती, आणि कोर्टात बोलता बोलता निघालं की परराष्ट्र खात्याचा एक मोठा अधिकारी पण तिच्याबरोबर खेळत होता. चौकशीला तीन जणांचं बोर्ड बसलं, वॉरन फिशर, माल्कम रॅम्झे आणि आपले ग्वायरसाहेब. सट्ट्यासाठी सरकारी गुपितं वापरली गेली असं काही सापडलं नाही, तरी ग्रेगरी नावाच्या त्या अधिकाऱ्याला बडतर्फ केलं. आणि रिपोर्टमध्ये सरकारी नोकराने कसं वागावं त्याचा जो परिच्छेद आहे तो इंग्लंडच्या सिव्हिल सर्व्हिसमध्ये पुढे कित्येक वर्षं प्रमाण मानला गेला. आशय असा की नोकराची अविभाजित निष्ठा राज्याशी, आणि त्याने नुसतं प्रामाणिक असून भागत नाही, अप्रामाणिकपणाचा संशय सुद्धा येता कामा नये. बघा, 'राज्याशी'. आज खुर्चीत बसलेल्या साहेबाशी नाही. तुम्ही विचारताय ना सरकारी माणूस सरकारविरुद्ध कसा गेला, तर त्याच्या डोक्यात सरकार आणि राज्य या दोन वेगळ्या गोष्टी होत्या. आपल्याकडे हा फरक अजून नीट रुजायचाय, असो.

(आणखी एक गंमत, कोर्टाशी संबंध नाही पण मला आवडते. याची बायको अल्सिना ही सर हेन्री बर्डेटची मुलगी, आणि त्या घराण्याची प्रकाशन संस्था होती, नर्सिंगवरची मासिकं पुस्तकं काढणारी. १९२५ला ऑल सोल्समधल्या जेफ्री फेबरला बरोबर घेऊन त्यांनी 'फेबर अँड ग्वायर' काढली, टी. एस. एलियट तिथे नोकरीला लागला, १९२९ला ग्वायर मंडळी बाहेर पडली आणि मग झाली फेबर अँड फेबर. हो, तीच. म्हणजे थोडं वेगळं झालं असतं तर जगातल्या निम्म्या कवितासंग्रहांच्या पाठीवर आपल्या चीफ जस्टिसचं आडनाव असतं.)

आता १९३५चा कायदा. ३२१ कलमं आणि १० परिशिष्टं, आणि ड्राफ्टिंगचं काम मुख्यतः याच्या देखरेखीखाली झालेलं. आपल्या घटनेचा सांगाडा बराचसा तिथून आलाय आणि आंबेडकरांनी संविधान सभेत ते मोकळेपणाने मान्य केलं होतं, त्यात लपवण्यासारखं काही नाही. त्या कायद्यात फेडरल कोर्ट होतं, कलम २००. आणि ज्याने कायदा लिहिला त्यालाच त्या कोर्टाचा पहिला चीफ जस्टिस म्हणून १९३७ला पाठवला. वय ५९, आणि त्याआधी एक दिवससुद्धा जज म्हणून काढलेला नाही! इथल्या लोकांना ते खटकलं असेल तर त्यात नवल नाही. आयसीएसमध्ये सेक्रेटरिएटमधून जजगिरीकडे किंवा उलटं जाणं नवीन नव्हतं, पण तो मामला जिल्हा आणि हायकोर्टापुरता. हे देशाचं घटनात्मक कोर्ट.

६ डिसेंबर १९३७ला कोर्ट बसलं, दिल्लीच्या पार्लमेंट बिल्डिंगमध्ये संस्थानिकांसाठी बांधलेल्या चेंबर ऑफ प्रिन्सेसमध्ये. तीनच जज: ग्वायर, शहा मुहम्मद सुलेमान आणि आपले बॅ. मुकुंदराव जयकर. कामही फार नव्हतं, कारण अपील यायला कायद्याच्या अर्थाबद्दल हायकोर्टाचं सर्टिफिकेट लागायचं, कलम २०५. आणि अपील मंजूर केलं तरी फेडरल कोर्ट स्वतः माणसाला सोडू शकत नव्हतं, कलम २०९प्रमाणे आपलं मत लिहून केस परत हायकोर्टाला पाठवायची आणि पुढची ऑर्डर हायकोर्टाने करायची. हे २०९ कलम पण लक्षात ठेवा, तळपदेमध्ये इथेच घोळ आहे.

पहिलंच प्रकरण आलं ते नागपूरकडून. सीपी अँड बेरारच्या असेंब्लीने १९३८ला पेट्रोल आणि वंगणाच्या किरकोळ विक्रीवर ५ टक्के कर लावला. दिल्लीचं सरकार म्हणालं ही एक्साइज आहे, एक्साइज आमची. प्रांत म्हणाला विक्रीवरचा कर आहे, आमचा. गव्हर्नर जनरलने कोर्टाचं मत मागवलं आणि तिन्ही जजनी प्रांताच्या बाजूने दिलं. ग्वायरचं म्हणणं साधारण असं की एक्साइज म्हणजे माल बनवताना लागणारा कर, पंपावर गिऱ्हाइकाला विकताना लागणारा नाही, आणि घटनेचा अर्थ मोकळ्या मनाने लावायचा असतो, हा काही इन्कम टॅक्सचा नियम नाही. केंद्र आणि प्रांतांच्या अधिकारांच्या, स्वतःच्याच हाताने बनवलेल्या याद्यांचा अर्थ लावत होता, आणि लावला तो केंद्राच्या विरुद्ध. आज तुम्ही गाडीत पेट्रोल भरता आणि त्यात राज्याचा व्हॅट वेगळा जातो, जीएसटी आला तरी तो सुटला नाही, त्या भांडणाचा मूळ पुरुष हा नागपूरचा कायदा आहे. विदर्भातल्या लोकांनी अभिमान बाळगावा की डोक्याला हात लावावा ते त्यांनी ठरवावं.

मग राजकोट. हे लॉ कॉलेजात कोणी शिकवत नाही पण माणूस समजायला याच्याइतकं चांगलं काही नाही. राजकोटच्या ठाकोरसाहेबांनी डिसेंबर १९३८ला वल्लभभाईंशी समझोता केला, सुधारणांसाठी दहा जणांची समिती, आणि एका पत्रात लिहून दिलं की त्यातली सात नावं वल्लभभाई सुचवतील. नंतर ठाकोरसाहेब फिरले. म्हणाले तुम्ही 'सुचवा' असं लिहिलंय, घ्यायचं की नाही ते मी ठरवणार. मार्च १९३९ला गांधीजींनी राजकोटला उपोषण केलं, व्हाइसरॉयने मधला रस्ता काढला की त्या पत्राचा अर्थ चीफ जस्टिसने सांगावा. ग्वायरने ३ एप्रिलला निवाडा दिला की त्या कागदांचा एकूण अर्थ बघता वल्लभभाई ज्यांची शिफारस करतील त्यांना ठाकोरसाहेबांनी नेमायलाच पाहिजे. एका शब्दावर सगळा मामला. गांधीजींनी पुढे मे महिन्यात तो निवाडा स्वतःहून सोडून दिला, जबरदस्तीतून मिळालेला आहे म्हणून, ते गांधीजींचं वेगळंच गणित. पण ग्वायरची पद्धत बघा, कोणाची बाजू नैतिक आहे, काँग्रेस की संस्थान, या भानगडीत तो पडलाच नाही, कागद काय म्हणतो एवढंच.

आता दुसरं महायुद्ध. इथून तुमचा खरा प्रश्न सुरू होतो.

१९४२ला निहारेंदु दत्त मजुमदार नावाच्या बंगालच्या आमदाराची केस आली. ढाक्याच्या दंग्यांवरून त्याने गव्हर्नर आणि सरकारला भाषणात झोडपलं होतं, डिफेन्स ऑफ इंडिया रूल्सखाली शिक्षा झाली. ग्वायरने निकाल त्याच्या बाजूने दिला. म्हणाला राजद्रोहाचा गुन्हा सरकारच्या दुखावलेल्या अहंकाराला फुंकर घालायला ठेवलेला नाही, त्याचा गाभा म्हणजे सार्वजनिक गोंधळ माजणं किंवा तसा माजेल अशी रास्त भीती असणं. आणि भाषणाबद्दल जे म्हटलंय ते तर मूळातूनच वाचा, भावार्थ असा की ही फेसाळ बेजबाबदार बडबड आहे, आमदाराला न शोभणारी, पण हिला राजद्रोह म्हणणं म्हणजे हिला फारच मोठा मान देणं होईल! आरोपी सुटला पण त्यालाही मार बसला. मजुमदारांना शिक्षा परवडली असती असं वाटण्यासारखी वाक्यं आहेत ती.

महाराष्ट्राच्या दृष्टीने याची दुसरी बाजू आहे. टिळकांच्या १८९७च्या खटल्यात मुंबई हायकोर्टात जस्टिस स्ट्रेची यांनी ज्युरीला उलटं सांगितलं होतं, की सरकारबद्दल अप्रीती निर्माण करायचा प्रयत्न केला की बास, दंगा झाला पाहिजे असं काही नाही. ग्वायरने ते बाजूला ठेवलं. पुढे १९४७ला सदाशिव नारायण भालेराव यांच्या मुंबईच्या केसमध्ये लंडनच्या प्रिव्ही काउन्सिलने (तेव्हा भारतातल्या केसेसचं शेवटचं अपील तिथे जायचं) ग्वायरला चूक ठरवून स्ट्रेचीला परत गादीवर बसवलं. आणि मग १९६२ला केदारनाथ सिंग केसमध्ये आपल्या सुप्रीम कोर्टाने प्रिव्ही काउन्सिल बाजूला करून ग्वायरचा अर्थ परत आणला. म्हणजे टिळक, भालेराव, आणि मध्ये हा इंग्रज. परीक्षेत राजद्रोह आला तर हा क्रम लिहा, तपासणाऱ्याला बरं वाटतं.

आणि आता तळपदे. चले जाव ऑगस्ट १९४२चा, गवालिया टँकवर ठराव झाला आणि दुसऱ्या दिवशी पहाटेपासून उचलाउचली. पुढचे काही महिने देशभर हजारो माणसं डिफेन्स ऑफ इंडिया रूल्समधल्या रूल २६खाली आत. केशव तळपदे यांना मुंबई सरकारने याच रूल २६खाली स्थानबद्ध केलं, मुंबई हायकोर्टात हेबियस अर्ज (अटक बेकायदा आहे, सोडा असा अर्ज) फेटाळला, सर्टिफिकेट मिळालं, प्रकरण दिल्लीला गेलं.

आता शब्द बघा, सगळी मजा शब्दात आहे. मूळ डिफेन्स ऑफ इंडिया अॅक्ट १९३९चा. त्याच्या कलम २, पोटकलम २ मध्ये सरकार कशाकशाबद्दल नियम करू शकतं त्याची लांबलचक यादी आहे आणि त्यातलं एक कलम स्थानबद्धतेचं. ते म्हणतं की अमुक माणूस घातक वागलाय, वागतोय किंवा वागण्याची शक्यता आहे असा अधिकाऱ्याला संशय पाहिजे, आणि त्या संशयाला त्या अधिकाऱ्याला रास्त वाटतील अशी कारणं पाहिजेत. म्हणजे दोन पायऱ्या, संशय आणि त्यामागे कारणं. आणि त्या कलमाखाली बनवलेला रूल २६ काय म्हणतो? की एखाद्याला अमुक करण्यापासून रोखण्यासाठी हे गरजेचं आहे अशी सरकारची 'खात्री झाली' तर आत टाका. बस. संशय गेला, कारणं गेली, राहिली फक्त साहेबाची खात्री.

तुमच्या माझ्यासारखा घाईत वाचणारा म्हणेल, काय फरक आहे, दोन्हीचा अर्थ तोच. पण ज्याने १९१७ला जहाजाच्या फायली बघताना एक बोट मूळ कायद्यावर ठेवलं होतं त्याला तो फरक लगेच दिसला. नियम कायद्यापेक्षा लांब गेलाय, म्हणून नियमच अवैध. २२ एप्रिल १९४३ला निकाल. आणि हे कधी, तर लंडनमध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने १९४१च्या लिव्हर्सिज केसमध्ये युद्धाच्या नावाखाली मंत्र्याचा शब्द प्रमाण मानला होता, लॉर्ड अॅटकिन एकटे विरोधात होते, त्यानंतर दीड वर्षाने. खुद्द साम्राज्याच्या राजधानीत जे झालं नाही ते दिल्लीत झालं.

तरी एक लक्षात घ्या, ग्वायरने कुठेही असं म्हटलेलं नाही की माणसाला खटल्याशिवाय आत टाकणं चूक आहे. एका ओळीत पण नाही. पार्लमेंटने किंवा विधिमंडळाने तशी पॉवर दिली असती तर त्याने ती मान्यच केली असती. त्याचा आक्षेप एवढाच की जेवढी दिलीय तेवढीच वापरा. म्हणून मी म्हणतो प्रेमबीम नाही, हा ड्राफ्ट्समनचा निकाल आहे.

आणि ड्राफ्ट्समनचा निकाल असल्यामुळे तो ड्राफ्टिंगनेच मोडला. दिवस मोजा. २२ एप्रिल निकाल. २५ एप्रिलला साहेब ६५ वर्षांचे, आणि फेडरल कोर्टाच्या जजचं निवृत्तीचं वय ६५, त्याच कलम २००मध्ये, म्हणजे स्वतः ड्राफ्ट केलेल्या कायद्याने स्वतः घरी गेले. २८ एप्रिलला गव्हर्नर जनरलने १९४३चा ऑर्डिनन्स नंबर १४ काढला, मूळ कायद्याचं ते कलम रूल २६च्या शब्दांना जुळेल असं पूर्वलक्षी प्रभावाने बदललं आणि वर लिहिलं की आधीच्या स्थानबद्धतेच्या ऑर्डर्स या कारणावरून अवैध समजायच्या नाहीत. सहा दिवस! आणि कलम २०९मुळे फेडरल कोर्टाला थेट सोडायचा हुकूम करताच येत नव्हता, मत लिहून केस मुंबईला पाठवायची होती, तेवढ्यात पायाखालची जमीन बदलली. हजारोंसाठी दार उघडलं होतं ते सहाव्या दिवशी कुलूपबंद.

वर १९४५ला सिबनाथ बॅनर्जी केसमध्ये प्रिव्ही काउन्सिलने सांगितलं की तळपदे चूकच होता. कारण काय, तर कलम २च्या पोटकलम १मध्ये नियम करायची सर्वसाधारण पॉवर आहेच आणि पोटकलम २ची यादी ही नुसती उदाहरणादाखल, 'सर्वसाधारणतेला बाध न येता' असे शब्द तिथे आहेत, त्यामुळे यादीत बसला नाही म्हणून नियम पडत नाही. आणि खरं सांगू का, ड्राफ्टिंगच्या दृष्टीने प्रिव्ही काउन्सिलचा मुद्दा मजबूत आहे. ग्वायरवर माझं प्रेम आहे पण इथे त्याच्याच खेळात तो हरला. आज महाराष्ट्रातला कुठलाही कायदा उघडा, नियम करण्याच्या कलमात ते 'बाध न येता' सापडेल, आणि सरकारी वकील सिबनाथ दाखवतो, आम्ही मान डोलावतो.

तो गेल्यावर कोर्ट गप्प बसलं असं मात्र नाही. जूनमध्ये वरदाचारियर यांच्या अध्यक्षतेखाली त्याच कोर्टाने चले जावच्या खटल्यांसाठी वापरलेला स्पेशल कोर्टांचा ऑर्डिनन्स पाडला. तेही पुढे प्रिव्ही काउन्सिलने उलटवलं. पण सवय लागली होती.

आता आज चालतो का. थेट नाही, सिबनाथनंतर तळपदे सायटेशन म्हणून देऊ नका, जज विचारतील ओव्हररूल्ड आहे माहितेय का आणि तुमची पंचाईत होईल. पण पद्धत चालते, रोज चालते. १९६५ला राम मनोहर लोहियांची केस बघा, तेव्हाही डिफेन्स ऑफ इंडिया रूल्सच होते, १९६२चे. नियमात शब्द 'पब्लिक ऑर्डर' आणि पाटण्याच्या मॅजिस्ट्रेटच्या ऑर्डरमध्ये 'लॉ अँड ऑर्डर', सुप्रीम कोर्टाने सोडून दिले लोहियांना. जस्टिस हिदायतुल्लांची ती तीन वर्तुळं तिथली, सगळ्यात मोठं कायदा व सुव्यवस्थेचं, त्याच्या आत सार्वजनिक सुव्यवस्थेचं, आणि त्याच्याही आत राज्याच्या सुरक्षेचं.

माझ्याकडे काही वर्षांपूर्वी अशीच एक एमपीडीएची केस होती, जिल्हा सांगत नाही. इंग्रजी ऑर्डरमध्ये सार्वजनिक सुव्यवस्था बरोबर, पण स्थानबद्ध माणसाला जी मराठी प्रत दिली होती तिच्यात नुसतं कायदा व सुव्यवस्था. क्लार्कने जुन्या फाइलमधून उचललेलं. क्लायंटची आई रोज विचारायची, साहेब, त्याने केलं नाही हे कधी सांगणार कोर्टाला, आणि मी तिला समजावून थकलो की मावशी, ते आपल्याला सांगायचंच नाहीये, आपल्याला या दोन ओळी दाखवायच्यात. सुटला. पुढच्या वर्षी नवीन गुन्हा, नवीन ऑर्डर, आणि या वेळी दोन्ही प्रतीत शब्द बरोबर. मावशी परत आल्या, मी ऑर्डर तीनदा वाचली, टाका कुठे उसवलेला नव्हता. तेव्हा मला ग्वायरचा २८ एप्रिल काय असेल ते कळलं, जरी त्याला स्वतःला काही वाटलं असेल की नाही कोण जाणे.

प्रेमाबद्दल विचारलंय म्हणून एवढं सांगतो. रिटायर झाल्यावर तो बोटीत बसून गेला नाही. १९३८पासूनच दिल्ली युनिव्हर्सिटीचा व्हाइस चान्सलर होता, ते १९५०पर्यंत केलं. विखुरलेली कॉलेजं एका कॅम्पसवर आणायची खटपट केली, अर्थतज्ज्ञ व्ही. के. आर. व्ही. राव यांच्यासारखी माणसं त्याच्या काळात आली, १९४८ला मुलींचं मिरांडा हाउस काढलं. मिरांडा नाव कशावरून, शेक्सपिअरच्या नाटकातलं की आणखी कोणाचं, याच्या दिल्लीत पाच कथा ऐकायला मिळतात. आणि त्याच १९४८ला त्याच्याबरोबर पहिल्या बेंचवर बसलेले जयकर पुणे विद्यापीठाचे पहिले कुलगुरू झाले. १९५२ला ऑक्टोबरमध्ये ग्वायर इंग्लंडमध्ये ईस्टबर्नला वारला.

वाचायचं असेल तर मजुमदारचा निकाल आधी वाचा, तो छोटा आहे आणि भाषा झकास आहे. तळपदे नंतर, आणि तो वाचताना शेजारी मूळ अॅक्टचं कलम २ आणि रूल २६ दोन्ही प्रिंट काढून ठेवा, नाहीतर पहिल्या पाच पानांतच झोप येईल.